वारली चित्र जाहिरातीत विनापरवानगी वापरले, तर चित्रकाराचा हक्क काय?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे पुढील उत्तर इतरांनाही नीट समजेल. तुम्ही डहाणू तालुक्यातील वारली चित्रकार आहात. समुद्रकिनाऱ्यावरील एका हॉटेलच्या मालकाने सांगितल्यावरून तुम्ही त्याच्या भिंतीवर तारपा नाचाचे, म्हणजे तारपा या वाद्याभोवती रिंगण धरून केलेल्या नाचाचे, मोठे चित्र काढले. मोबदला रोख मिळाला, कागद मात्र कोणताच झाला नाही. त्याच सुमारास तुम्ही स्वतःहून कापडावर काढलेला लग्नचौक, म्हणजे वारली लग्नात काढले जाणारे विधीचे चित्र, मुंबईतील एका प्रदर्शनात विकला गेला. आता एका बांधकाम कंपनीच्या फलकांवर आणि वृत्तपत्रांतील जाहिरातींत ही दोन्ही चित्रे दिसत आहेत. नाचाचे रिंगण कंपनीच्या बोधचिन्हाभोवती फिरवले आहे, चौकाच्या मधोमध असणाऱ्या पालघट या वारली देवीच्या जागी इमारत बसवली आहे आणि तुमची सही कापून टाकली आहे. विचारणा केल्यावर जाहिरात संस्थेने कळवले की वारली ही लोककला आहे, ती कोणाच्याच मालकीची नाही, त्यामुळे परवानगीचा प्रश्नच येत नाही.

कलाकारांचे खटले चालवताना हे उत्तर मी अनेकदा वाचले आहे आणि दर वेळी तितकाच अस्वस्थ झालो आहे, कारण त्यात एक खरी गोष्ट पुढे करून दुसरी झाकलेली असते. खरी गोष्ट अशी की शैलीवर कोणाचाही कॉपीराइट नसतो. दोन त्रिकोणांचे धड, गोल डोके, काड्यांसारखे हातपाय, गेरूवर तांदळाच्या पिठाची पांढरी रेघ, हा सगळा रचनेचा प्रकार आहे, आणि कल्पना, विषय किंवा शैली यांना कॉपीराइटचे संरक्षण नाही हे सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली आर. जी. आनंद खटल्यात स्पष्ट केलेले आहे. झाकलेली गोष्ट अशी की त्या शैलीत तुम्ही काढलेले विशिष्ट चित्र ही स्वतंत्र कलाकृती आहे. कॉपीराइट कायदा, १९५७ मध्ये ‘कलाकृती’ची व्याख्या करताना चित्राला कलात्मक दर्जा आहे की नाही हेही पाहिले जात नाही, मग ते लोककलेचे की दालनातले हा भेद तर दूरच राहिला. चित्र काढले त्या क्षणी हक्क निर्माण होतो आणि चित्रकाराच्या हयातीनंतर ६० वर्षे टिकतो. नोंदणीची अट नाही.

लोककलेचा कलावंत अनामिक असतो, बहुधा कधीच मरून गेलेला असतो, ही समजूत केवळ आपल्याकडची नाही. ऑस्ट्रेलियाने १९६६ साली दशमान चलन आणले तेव्हा एक डॉलरच्या नोटेवर उत्तर ऑस्ट्रेलियातील आर्नहेम लँडमधील डेव्हिड मलंगी या आदिवासी चित्रकाराच्या झाडाच्या सालीवरील चित्राचा आधार घेतला होता. चित्रकार जिवंत आहे आणि त्याला विचारले पाहिजे हे कोणाच्या मनातही आले नव्हते. तो सापडल्यावर मध्यवर्ती बँकेने त्याला १,००० डॉलर, एक पदक आणि मासेमारीचे साहित्य दिले. आपल्याकडे तर हे अज्ञान मुळीच क्षम्य नाही. गंजाडच्या जिव्या सोमा म्हसे यांना १९७६ साली राष्ट्रीय पुरस्कार आणि २०११ साली पद्मश्री मिळाली. वारली चित्राला नावागावाचा कर्ता असतो, हे या देशाला निदान पाच दशकांपासून माहीत आहे.

आता तुमच्या दोन चित्रांकडे वळू. त्यांचा कायदेशीर दर्जा एकसारखा नाही आणि नोटीस लिहिताना ती एकत्र केली, तर समोरचा वकील कमकुवत बाजूला धरून भक्कम बाजूही पाडण्याचा प्रयत्न करील.

भिंतीवरच्या चित्रात तुमची बाजू तुम्हाला वाटते तितकी सोपी नाही. कायद्याच्या कलम १७(ब) नुसार एखाद्याच्या सांगण्यावरून आणि मोबदला घेऊन रंगवलेल्या चित्राचा पहिला कॉपीराइटधारक, उलट करार नसेल तर, ते काढून घेणारा असतो. म्हणजे कागद नसण्याचा फायदा येथे हॉटेलमालकाला मिळतो. ही तरतूद आदिवासी चित्रकारांवर फार जड पडते, कारण त्यांची बहुतेक मोठी कामे अशीच तोंडी सांगण्यावर, भिंतीच्या चौरस फुटाच्या दराने होतात आणि त्या दरात भिंत सजवण्याची मजुरी असते, जाहिरातीचा मोबदला नसतो. तरीही दोन गोष्टी तपासा. पहिली, काम ठरताना व्हॉट्सॲपवर किंवा ध्वनिसंदेशात झालेले बोलणे. ‘हे चित्र फक्त हॉटेलसाठी’ अशा अर्थाचे एखादे वाक्य मालकाने किंवा तुम्ही लिहिले असेल आणि त्याला संमती मिळालेली असेल, तर तो उलट कराराचा पुरावा ठरू शकतो. दुसरी, बांधकाम कंपनीला छायाचित्र कोणी दिले. हॉटेलमालकाने परवानगी दिलेली नसेल, तर त्याच्याही हक्काचा भंग झालेला आहे आणि तो तुमच्या बाजूने उभा राहू शकतो. म्हणून त्याला पहिल्याच दिवशी प्रतिवादी करू नका, आधी सभ्य पत्राने विचारा.

कॉपीराइट हॉटेलकडे गेला आहे असे धरले, तरी तुमच्या हातात कलम ५७ उरते, आणि माझ्या मते तुमच्या प्रकरणातील सर्वांत मौल्यवान तरतूद हीच आहे. कॉपीराइट विकला, दिला किंवा मुळातच मिळाला नाही, तरी कृतीचा कर्ता म्हणून ओळखले जाण्याचा हक्क आणि आपल्या लौकिकाला बाधा येईल अशी कृतीची मोडतोड रोखण्याचा व त्याबद्दल भरपाई मागण्याचा हक्क कर्त्याकडेच राहतो. सही कापणे हा पहिल्या हक्कावरचा घाला आहे. रिंगण तोडून बोधचिन्हाभोवती गुंडाळणे हा दुसऱ्या हक्काचा विषय आहे. विज्ञान भवनातील आपले भित्तिशिल्प सरकारने काढून गोदामात टाकल्यावर शिल्पकार अमरनाथ सहगल यांनी केंद्र सरकारविरुद्ध दाद मागितली, तेव्हा दिल्ली उच्च न्यायालयाने २००५ साली याच कलमाखाली त्यांना ५ लाख रुपये भरपाई आणि शिल्पाचे उरलेले भाग परत देण्याचा आदेश दिला होता. तेथे शिल्प सरकारनेच मोबदला देऊन करून घेतले होते, सरकारच्या मालकीचे होते, आणि तरीही कर्त्याचा हक्क संपलेला नव्हता.

‘भिंत सार्वजनिक ठिकाणी होती, कोणीही फोटो काढू शकतो’ असा बचाव पुढे येईल, त्याची तयारी ठेवा. कलम ५२ मधील सवलत लोकांना प्रवेश असलेल्या जागी कायमस्वरूपी असलेल्या शिल्पांच्या आणि कलात्मक कारागिरीच्या वस्तूंच्या छायाचित्रांना लागू होते. त्या उपकलमात चित्रांचा समावेश नाही. म्हणून फलकावरच्या स्थिर छायाचित्राला तिचा आधार घेता येत नाही. चलच्चित्राची गोष्ट मात्र वेगळी आहे. कंपनीने हॉटेलात जाहिरातपट चित्रित केला असेल आणि तुमची भिंत त्यात दिसत असेल, तर कायदा त्यांना बऱ्यापैकी मोकळीक देतो. त्यामुळे नोटिशीत जाहिरातपटावर भर देऊ नका, छापील फलकांवर द्या.

कापडावरचा चौक हे मात्र पूर्णपणे तुमचे क्षेत्र आहे. तो कोणाच्या सांगण्यावरून काढलेला नव्हता. तुम्ही कापड विकले, कॉपीराइट विकला नाही. कॉपीराइटचे हस्तांतरण लेखी आणि देणाऱ्याच्या सहीचे असल्याशिवाय वैध नसते, वापराचा परवानाही लेखीच द्यावा लागतो. विकत घेणाऱ्याला ते चित्र घरात लावता येते, भेट देता येते, पुन्हा विकताही येते. त्याची प्रतिमा छापून इमारती विकता येत नाहीत. येथे भंग सरळ आहे आणि जाहिरातदार, जाहिरात संस्था दोघेही त्याला जबाबदार आहेत. संस्थेने प्रतिमा कोणाकडून विकत घेतली होती, हा त्यांच्या आपसातील हिशेब आहे.

यावर एकच गंभीर आक्षेप संभवतो: चौकाचा आकार परंपरेने ठरलेला आहे, मग त्यात तुमचे नवे काय? चौकट, पालघटेचे स्थान, सूर्यचंद्र हे तुमचे नाहीत हे मान्य करा, कारण ते नाकारून तुम्ही स्वतःचीच बाजू कमकुवत कराल आणि ते खरेही नव्हे. परंतु किनारीच्या नक्षीची निवड, झाडांची मांडणी, आजूबाजूची माणसे, जनावरे, त्यांची परस्परांशी असलेली जवळीक हे सारे तुमच्या हाताचे आणि विचाराचे आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली ईस्टर्न बुक कंपनीच्या खटल्यात सांगितलेल्या किमान सर्जनशीलतेच्या कसोटीला ते सहज उतरते. ऑस्ट्रेलियात १९९४ साली मिलपुरुरू खटल्यात हाच आक्षेप विचारात आला होता. आदिवासी चित्रे व्हिएतनाममध्ये गालिच्यांवर विणून ऑस्ट्रेलियात विकली जात होती, शिवाय चित्रकारांना मानधन दिले जाते अशी खोटी चिठ्ठी त्यांना लावलेली होती. परंपरेचे विषय आणि रूप असले तरी प्रत्येक चित्रात कसब आणि मौलिकता आहे असे न्यायालयाने ठरवले आणि १,८८,६४० ऑस्ट्रेलियन डॉलर भरपाई दिली. त्या रकमेत सांस्कृतिक दुखापतीचाही विचार होता, आणि चित्रकारांना आपल्या रूढीप्रमाणे वाटप करता यावे म्हणून ती एकत्रित देण्यात आली. आपल्या न्यायालयांवर तो निकाल बंधनकारक नाही, पण वाचून दाखवता येतो.

चौकाविषयी मला थोडे अधिक लिहायचे आहे, कारण तुमच्या पत्रात सर्वांत जास्त दुखावलेली ओळ तीच होती. लग्नचौक ही सजावट नाही. लग्नघरात सवासिणी तो लिहितात, धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी स्त्री, गाणी गाते, देवतांना बोलावले जाते, आणि चौक झाल्याशिवाय लग्न लागत नाही. तुम्ही विक्रीसाठी काढलेल्या कापडावर तो विधी झालेला नव्हता हे खरे, तरी पालघट काढून तिथे इमारत बसवणे ही केवळ तुमच्या चित्राची मोडतोड राहत नाही, ती तुमच्या समाजाच्या श्रद्धास्थानाची अवहेलना होते. कॉपीराइट कायद्याला समाज नावाचा कर्ता ओळखता येत नाही. त्याला एक व्यक्ती, एक कृती आणि एक तारीख लागते. ऑस्ट्रेलियात १९९८ साली बुलुन बुलुन खटल्यात न्यायालयाने कुळाची मालकी मान्य केली नाही, मात्र चित्रकारावर आपल्या कुळाप्रती विश्वासाचे कर्तव्य असते, रूढीविरुद्ध वापर होत असताना त्याने तो रोखला पाहिजे, आणि तो शक्य असूनही तसे करत नसेल तर कुळाला दाद मागण्याची वाट मिळू शकते, असे म्हटले. आपल्याकडे एवढेही पाऊल पडलेले नाही.

तरीही समाजाच्या वतीने बोलण्याची एक कायदेशीर जागा तुमच्याकडे आहे. डहाणू तालुका अनुसूचित क्षेत्रात येतो आणि १९९६ च्या पेसा कायद्याने, म्हणजे अनुसूचित क्षेत्रांतील पंचायतींच्या कायद्याने, लोकांच्या परंपरा, रूढी आणि सांस्कृतिक ओळख यांचे जतन करण्यास ग्रामसभा सक्षम असल्याचे म्हटले आहे. ग्रामसभेचा ठराव हा कॉपीराइट नव्हे आणि त्याच्या आधारे मनाई हुकूम मिळेल असे मी सांगणार नाही. परंतु चौकातील देवता काढून त्या जागी विक्रीची वस्तू दाखवणे आम्हाला मान्य नाही, असा मुद्देसूद ठराव तुमच्या नोटिशीला जोडला, तर हा एका चित्रकाराचा पैशासाठीचा वाद आहे असे म्हणणे कंपनीला कठीण जाईल, आणि कलम ५७ खालील लौकिकाच्या मुद्द्यालाही तो बळ देईल, कारण तुमचा लौकिक प्रथम तुमच्याच लोकांत आहे. संयुक्त राष्ट्रांच्या २००७ च्या आदिवासी हक्कांच्या जाहीरनाम्यातील अनुच्छेद ३१ आपल्या सांस्कृतिक वारशावर नियंत्रण ठेवण्याचा हक्क मान्य करतो आणि भारताने त्याच्या बाजूने मत दिले होते. ठरावात त्याचा उल्लेख करा, मात्र दाव्याचा पाया त्यावर रचू नका.

भौगोलिक मानांकनाविषयी (जीआय) तुम्ही विश्वासाने लिहिले आहे, म्हणून स्पष्ट सांगणे भाग आहे. २०१० च्या दिवाळीत कोका-कोलाने वारली आकृत्या वापरून मोठी जाहिरात मोहीम केली होती. त्यानंतरच्या वर्षांत आदिवासी युवा सेवा संघाच्या पुढाकारातून वारली चित्रकलेला मानांकन मिळाले, ते २०१४ साली. हे काम मोठे आहे. पण मानांकन वस्तूच्या नावाचे आणि उगमाचे रक्षण करते. सुरतेत छापलेली चादर कोणी ‘वारली पेंटिंग’ म्हणून विकत असेल, तर त्याच्यावर ते चालते. बांधकाम कंपनी चित्रे विकत नाही, ‘वारली’ हा शब्दही वापरत नाही. ती फक्त आकृत्यांचा उपयोग करून घेते, आणि तेथे भौगोलिक मानांकनाचा १९९९ चा कायदा फार दूरपर्यंत पोहोचत नाही. मानांकन मिळाले म्हणजे आता कोणी आपली चित्रे उचलणार नाही, असे अनेक कार्यशाळांत चित्रकारांना सांगितले जाते. ते अर्धवट आहे आणि त्यामुळे चित्रकार स्वतःच्या कॉपीराइटकडे दुर्लक्ष करतात, याची मला मनापासून चिंता वाटते. शिवाय मानांकनाखाली दाद नोंदणीकृत मालकाने किंवा अधिकृत वापरकर्त्याने मागावी लागते. कोल्हापुरी चपलांसारख्या चपला प्राडा या इटालियन फॅशन कंपनीने मिलानमध्ये दाखवल्यावर दाखल झालेली जनहित याचिका मुंबई उच्च न्यायालयाने जुलै २०२५ मध्ये फेटाळली, ती प्रामुख्याने याचिकाकर्ते नोंदणीकृत मालक नव्हते म्हणून. तेव्हा संघाला कळवा, त्यांचे पत्र सोबत घ्या, अधिकृत वापरकर्ता म्हणून नाव नोंदवले नसेल तर नोंदवा; मुख्य दावा मात्र तुमच्या नावाने आणि कॉपीराइटखालीच असू द्या.

कंपनी कदाचित उद्या तुमची चित्रे काढून टाकील आणि संगणकावर नव्याने तशाच आकृत्या करून घेईल. नेमकी नक्कल नसेल तर ते रोखण्याचे साधन आज आपल्याकडे जवळजवळ नाही. जाहिरातीत ‘अस्सल वारली कलाकारांकडून’ असा खोटा दावा असेल, तर ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ खाली दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीची तक्रार करता येते आणि पहिल्या वेळी १० लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. दावा नसेल तर तोही मार्ग नाही. २००६ साली फियाटच्या एका जाहिरातीत स्त्रियांना ‘हाका’ हे माओरींचे पारंपरिक समूहनृत्य करताना दाखवल्यावर न्यूझीलंडमधील माओरी आदिवासींमध्ये संताप उसळला होता. पुढे २०१४ मध्ये तेथील संसदेने ‘का माते’ या हाकासाठी स्वतंत्र कायदा करून त्याचा कर्ता ते राउपराहा आणि त्याची जमात न्गाती तोआ यांचा नामोल्लेख व्यावसायिक वापरात बंधनकारक केला. त्या कायद्यात पैशाची भरपाई नाही, पण नाव टाळता येत नाही. वारली, गोंड, सौरा अशा कलांसाठी एवढा मर्यादित कायदा तरी आपल्या संसदेने करावा असे माझे ठाम मत आहे, आणि त्यात पवित्र आकृत्यांच्या व्यावसायिक वापराला समाजाच्या संमतीची अट असावी.

आता प्रत्यक्ष करायच्या गोष्टी. फलकांची छायाचित्रे ठिकाण आणि तारीख दिसेल अशी काढून ठेवा, वृत्तपत्रांचे मूळ अंक विकत घ्या, संकेतस्थळावरील पाने जतन करा. जाहिराती उतरल्या की पुरावा गोळा करणे फार कष्टाचे होते. चित्र काढतानाचे मोबाइलमधील मूळ फोटो हलवू नका, पुढे पाठवलेल्या प्रतींपेक्षा मूळ फाइलला अधिक किंमत आहे. दोन्ही चित्रांतील आणि जाहिरातीतील जुळणाऱ्या भागांचा एक तक्ता करा. चौकाची कॉपीराइट नोंदणी करून घ्या. ती अनिवार्य नसली तरी न्यायालयात प्रथमदर्शनी पुरावा ठरते, आणि एका कलाकृतीचे शुल्क ५०० रुपये आहे.

दावा दाखल करण्यासाठी कंपनीच्या गावी जावे लागत नाही. कॉपीराइट कायद्याचे कलम ६२ तुम्हाला स्वतः राहता त्या क्षेत्रातील जिल्हा न्यायालयात दाद मागण्याची मुभा देते. खर्चाची भीती वाटत असेल, तर विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार अनुसूचित जमातीची व्यक्ती म्हणून आणि स्त्री म्हणूनही तुम्हाला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. दाव्याची मुदत तीन वर्षांची आहे, पण जाहिराती चालू असेपर्यंत तातडीचा मनाई हुकूम मागण्याला जोर असतो, म्हणून थांबू नका. फौजदारी तक्रारीची धमकी नोटिशीत घालण्याचा मोह टाळा. कलम ६३ मध्ये कैदेची तरतूद आहे खरी, परंतु अशा प्रकरणांत धमकीमुळे तडजोडीची दारे बंद होतात.

भरपाईचा आकडा ठरवताना तुमच्या दिवसाच्या मजुरीचा विचार मनात आणू नका. जाहिरात किती ठिकाणी, किती काळ आणि कोणत्या माध्यमांत चालली, आणि तेवढ्या वापरासाठी एखाद्या नामवंत चित्रकाराला किती परवाना शुल्क द्यावे लागले असते, हे मोजमाप आहे. ही माहिती कंपनीकडेच असते, म्हणून नोटिशीत तिचा हिशेब आधी मागा आणि रक्कम नंतर सांगा.

अशी प्रकरणे बहुधा तडजोडीत मिटतात आणि तडजोडीच्या कागदातच पुढची फसवणूक दडलेली असते. ‘सर्व हक्क, कायमस्वरूपी, जगभर’ असे शब्द असलेल्या मसुद्यावर सही करू नका. कलम १९ नुसार हस्तांतरणात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षे आणि प्रदेश लिहिला नसेल तर केवळ भारत मानला जातो. हे जाहिरात संस्थांच्या वकिलांना ठाऊक असते, म्हणूनच ते शब्द मुद्दाम घातले जातात. तारपा नाचाच्या चित्रासाठी मुदतीचा परवाना द्यायला तुम्ही तयार असाल, तर तुमचे नाव आणि गाव प्रत्येक जाहिरातीवर छापण्याची अट घाला. चौकाच्या बाबतीत मात्र परवाना देऊ नका, तो सर्व ठिकाणांहून काढून टाकणे आणि संगणकातील फाइली नष्ट केल्याचे लेखी कळवणे एवढेच मागा, आणि कंपनीने त्यासाठी मोठी रक्कम देऊ केली, तर उत्तर देण्याआधी ग्रामसभेतील ज्येष्ठ स्त्रियांना, विशेषतः धवलेरींना, विचारा.